उमाच्या नखुल्या

मला माणसं आवडत नाहीत, असं आमच्या सोसायटीत बोललं जातं. ते खोटं आहे. मला सोसायटीच्या मीटिंगा आवडत नाहीत, आणि निघते निघते म्हणत दारात अर्धा तास उभ्या राहणाऱ्या बायका आवडत नाहीत. उमा टाकळीकर तशी नाही. ती माझ्या समोरच्या दारात राहते, इथं उल्कानगरीत, आणि कित्येक वर्षं आमची ओळख 'नळ आले का' आणि 'टँकर आला का' एवढ्यावर चालली होती. मी बँकेतून रिटायर झालेली, बिनलग्नाची. ती भरल्या घरातली. नवरा श्रीनिवासराव पाटबंधारे खात्यात, मुलगी चारुता शिकायला पुण्यात, दीर-जावा, पुतणे, सतत कुणी ना कुणी. तिच्या दाराबाहेर चपलांचा ढीग आणि माझ्या दाराबाहेर एक पायपुसणं, असा आमचा शेजार.

मग श्रीनिवासराव अचानक गेले. सुरुवातीला चपला वाढल्या, मग कमी होत गेल्या आणि शेवटी तिच्या एकटीच्या उरल्या. चारुता नोकरीनिमित्त पुण्यातच राहिली होती. संध्याकाळी दोन्ही घरांतून कुकरची एकेकच शिट्टी ऐकू यायला लागली. खिचडीची शिट्टी मी ओळखते. जन्मभर तीच ऐकत आले आहे.

उमाची तिच्या भावकीत एका गोष्टीसाठी ख्याती होती. वळवट. हल्लीच्या मुलींना हा शब्द माहीत नसतो म्हणून सांगते. लग्न ठरलं की मुलीच्या रुखवतात द्यायला घट्ट मळलेल्या पिठाचे बारीक बारीक प्रकार हातानं वळतात. गव्हाच्या दाण्याएवढे गव्हले, त्याहून लांब बोटवे, आणि नखानं दाबून खळगा पाडलेल्या नखुल्या. सावलीत वाळवल्या की वर्षभर टिकतात, लागेल तशी खीर करायची. उमाच्या नखुल्या सगळ्या एकसारख्या, तुरीच्या डाळीहून जरा मोठ्या. टाकळीकरांकडं लग्न ठरलं की आधी उमाला फोन जायचा, मग कार्यालयाला.

या वळवटाचा मुहूर्त असतो. पाच सवाष्णी पाटावर बसतात, परातीला हळदकुंकू लावतात आणि पहिले गव्हले त्या वळतात. पुढं काय झालं ते मला उशिरा कळलं, पण आत्ताच सांगून टाकते. श्रीनिवासराव गेल्यानंतर घरात पहिलं लग्न निघालं ते पुतण्याचं, हिमांशूचं. उमानं सवयीनं पीठ मळलं, परात आणून ठेवली आणि पाटावर बसली. खुर्चीत मनकर्णाआत्या होत्या. श्रीनिवासरावांची आत्या, वय झालेलं, पण नजर घारीची. त्यांनी नुसता घसा खाकरला. तेवढ्यात धाकटी जाऊ करुणा वाकली आणि फार मायेनं म्हणाली, "वहिनी, तुम्ही दमाल. तुम्ही आत बसा ना." बास. एवढंच. कुणी वाईट बोललं नाही. उमा उठली, आत गेली, आणि ओट्यापाशी उभी राहून तिनं सगळ्यांसाठी चहा टाकला. त्यानंतर तिनं पिठाला हात लावला तो पोळीपुरता.

आणि आता चारुताचं लग्न ठरलं होतं. मुलगा पुण्याचाच, लग्न मात्र इथं, मार्गशीर्षात. पोटच्या पोरीचं लग्न, म्हणजे वळवटाचा मुहूर्त उमाच्याच घरात, आणि उमा कुठं असणार? तर ओट्यापाशी. हे तिच्या मनात सारखं चालू होतं. तोंडातून मात्र चकार शब्द नाही.

चारुतानं आईचा उतरलेला चेहरा पाहिला आणि हल्लीची मुलं करतात तेच केलं. टूर बुक करून टाकली. इटली. "लग्नाच्या गडबडीआधी जाऊन ये आई, फ्रेश होशील." एकटी आई जाणार नाही हे तिला ठाऊक होतं, म्हणून ती माझ्या दारात आली. "नीरजामावशी, तुम्ही नाहीतरी फिरताच. आईला न्या ना." मी एकटी फिरते कारण मला कुणी सोबत लागत नाही, हे मी तिला सांगणार होते. पण मागं उमा उभी होती, हातात माझ्यासाठी लोणच्याची वाटी घेऊन. लाच द्यायची ही पद्धत जुनी आहे आणि अजूनही चालते.

मे महिन्यात आमच्या चिकलठाणा विमानतळावरून मुंबईचं विमान धरलं आणि तिथून पुढं रोमला. ग्रुपमध्ये सगळी जोडपी. आमच्या शहरातलं आणखी एकच, बजाजनगरची विशाखा आणि तिचा नवरा, नवीन लग्नाचे, दोघंही कंपनीत कामाला. बाकी पुणे, नाशिक, मुंबई. जोडप्यांच्या ग्रुपमध्ये दोन सुट्या बायकांना काय काम असतं ते मी सांगते. फोटो काढणे. कारंज्यापुढं जोडपं उभं राहिलं की हाक यायची, "मावशी, जरा काढता का?" आम्ही इटलीत जितकी जोडपी चौकटीत बसवली तितकी कुठल्या वधू-वर मंडळानं बसवली नसतील. उमा प्रत्येक वेळी मनापासून म्हणायची, "जरा जवळ या, छान." मग मोबाइल परत द्यायची आणि हात कुठं ठेवावेत ते न कळल्यासारखी उभी राहायची.

रोममध्ये रस्त्याच्या कडेला लोखंडी नळ आहेत, दिवसरात्र वाहणारे. पहिला नळ दिसल्यावर उमा थांबली आणि त्याला चावी कुठं आहे ते शोधायला लागली. मागून, खालून, सगळीकडून चाचपलं. आठवड्यातून एकदा पाणी येणाऱ्या गावातली बाई, वाहता नळ सोडून पुढं जाईल कशी? "अगं, बंदच होत नाही हा," ती माझ्याकडं बघून म्हणाली, आणि तिच्या डोळ्यांत खरंच पाणी होतं. मी हसले. हॉटेलवर गेल्यावर कळलं की श्रीनिवासराव बाहेरगावी गेले की आधी तिथलं पाणी कुठून येतं ते विचारायचे. हा नळ कुणाला सांगायचा, हा तिचा प्रश्न होता.

हॉटेलच्या खोलीत ती सकाळी दोन कप चहा करायची. मी चहा पीत नाही, हे तिला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. तरी रोज दोन. दुसरा कप ती थंड झाल्यावर स्वतःच प्यायची. मला राग यायचा. तिचा नाही. कशाचा, ते नीट सांगता येत नाही.

फ्लॉरेन्सला असताना एक दिवस स्वयंपाकाचा वर्ग होता. गावाबाहेर टेकडीवर एका बाईच्या घरी जायचं, तिच्या हाताखाली पास्ता करायचा आणि तोच जेवायचा. आमचा टूर मॅनेजर राजेंद्र तिकडंच काही वर्षं राहिलेला, त्यामुळे भाषा त्याला बरी येत होती. त्यानं बसमध्ये सांगितलं, "इकडं पास्त्यात अंडं घालतात. पण आपल्यात न खाणारे बरेच आहेत, म्हणून बाई आज त्यांच्या माहेरचा प्रकार शिकवणार आहेत. त्यांचं माहेर लांब दक्षिणेत. तिकडं नुसता रवा आणि पाणी."

"माहेरचा," उमा म्हणाली. तिनं पदर खोचावा तशी ओढणी कमरेला खोचली.

बाईंचं नाव असुंता. मी त्यांना मनात असुंताबाईच म्हणायला लागले, कारण आमच्या बँकेच्या वसुली विभागात शोभली असती अशी बाई. ठेंगणी, दणकट, पांढरे केस घट्ट बांधलेले, काळा झगा, त्यावर धुऊन धुऊन विटलेला एप्रन. हसणं कमी, हात सारखे चालू. लांबलचक लाकडी टेबलाभोवती तिनं आम्हाला उभं केलं. प्रत्येकापुढं बारीक रव्याचा ढीग, थेट लाकडावर. मधे आळं करायचं आणि त्यात कोमट पाणी ओतायचं.

"परात नाही का गं यांच्याकडं?" उमा माझ्या कानात कुजबुजली.

मळणं तर ती गप्प उभी राहून करत होती, पण मी शेजारून बघत होते. आमच्या सगळ्यांचं पाणी आळं फोडून टेबलावर पळत होतं, विशाखाचा नवरा दोन्ही हातांनी बांध घालत होता. उमाचा गोळा केव्हाच झाला होता. घट्ट, गुळगुळीत. तिनं तो सवयीनं ओल्या फडक्याखाली झाकून ठेवला. असुंताबाईनं फडकं उचललं, बोट टोचून बघितलं, परत झाकलं आणि पुढं गेली. शाबासकी वगैरे काही नाही. मला बरं वाटलं. मला शाबासक्या देणारे लोकही आवडत नाहीत.

मग असुंताबाईनं गोळ्याची दोरी वळली, सुरीनं तिचे बारके तुकडे केले, आणि एक तुकडा अंगठ्यानं लाकडावर असा दाबून ओढला की तो आपसूक वळला आणि त्याला पोटात खळगा पडला. एक. दुसरा. तिसरा. माझ्या शेजारी उमा टेबलावर वाकली. ती नखुलीच होती. आकारानं अंगठ्याएवढी, पण नखुलीच.

"करा," राजेंद्र म्हणाला. सगळे लागले. उमानं हात उचलला आणि परत मागं घेतला. दोन्ही हात पाठीमागं. पलीकडं विशाखा होती. उमा तिला म्हणाली, "तू आधी सुरू कर बाळा."

"मी? मला चपाती पण गोल येत नाय, काकू. तुम्हीच दाखवा."

"नाही, आधी तू. तुझा हात लागू दे आधी. तू सवाष्ण आहेस."

विशाखानं तिच्याकडं पाहिलं. पोरीला काही कळेना. "आमच्यात नाय असलं काही," ती सरळपणानं म्हणाली, "आधी-नंतर काय त्याला? तुम्हाला येतंय तर तुम्ही करा की."

उमा हसली, पण हात मागंच. हजारो मैल ओलांडून, कुणी ओळखीचं नसलेल्या घरात, परक्या बाईच्या टेबलाशी ती स्वतःच स्वतःला उठवत होती. इथं घसा खाकरायला मनकर्णाआत्या नव्हत्या. त्याची गरजच उरली नव्हती. तो प्रसंग मला तेव्हा माहीत नव्हता, पण 'सवाष्ण' ऐकूनच इतका संताप आला की माझ्या हातातली नखुली चपटी झाली.

असुंताबाईला यातलं काही माहीत नव्हतं. तिला एवढंच दिसलं की एक बाई काम सोडून उभी आहे. ती तरातरा आली, उमाचा उजवा हात मागून ओढून पुढं घेतला, तिच्या अंगठ्याखाली पिठाचा तुकडा ठेवला आणि वरून आपला अंगठा दाबला. वर्गात चुळबुळ करणाऱ्या मुलीचा हात मास्तरीणबाई धरतात तसा. झाली नखुली. असुंताबाई पुढं गेली.

उमा त्या नखुलीकडं बघत राहिली. मग तिनं तुकडा घेतला. मग दुसरा. मग तिचे हात जे सुटले ते सुटलेच. पण बोटांना जुनीच सवय. तुकड्याचे चार भाग करून ती वळत होती तुरीच्या डाळीहून जराशा मोठ्या नखुल्या. असुंताबाई फिरत परत आली. एक नखुली तिनं तळहातावर घेतली, उजेडात धरली आणि हसली. काहीतरी बोलली.

"त्या म्हणतायत फार बारीक आहे," राजेंद्र म्हणाला, "उकळत्या पाण्यात विरघळून जाईल. मोठी करा."

असुंताबाईनं ती नखुली बोटानं चिरडली आणि पिठात ढकलली. "अंकोरा," ती म्हणाली. म्हणजे पुन्हा.

उमानं पुन्हा केली. तेवढीच झाली. "अंकोरा." पुन्हा तेवढीच. ग्रुपला गंमत वाटायला लागली. उमा खरोखर प्रयत्न करत होती, कपाळावर घाम आला होता, पण तिच्या बोटांना मोठं काही वळताच येत नव्हतं. सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, तसं. शेवटी असुंताबाईनं खांदे उडवले आणि नाद सोडला.

जेवणाच्या वेळी मोठ्या पातेल्यात सगळ्यांचा पास्ता पडला. टोमॅटो, लसूण, तुळशीच्या जातीचा कसलासा पाला. पानं वाढली गेली. असुंताबाई उमाच्या जागेशी येऊन शोधायला लागली. हिच्या कुठं गेल्या? उमानं ओशाळून खिडकीकडं बोट केलं. तिथं सावलीत, हात पुसायच्या फडक्यावर, तिनं आपल्या नखुल्या एकीला एक न चिकटता पसरून ठेवल्या होत्या. वाळायला. वळल्या की वाळवायच्या, एवढंच तिला माहीत. त्याच जेवणात खाऊन टाकायच्या असतात हे तिच्या डोक्यातच आलं नव्हतं.

सगळे खो खो हसले. असुंताबाईही हसली, अगदी पोट धरून, आणि मग हसता हसता खिडकीशी जाऊन उभी राहिली. बराच वेळ. मग राजेंद्रला काही सांगितलं. तिची आई अशाच पसरायची, पलंगावर चादर घालून, आणि त्या दिवशी मुलांनी जमिनीवर झोपायचं.

भिंतीवर एका पुरुषाचा फोटो होता, शेजारी छोटा दिवा. उमा मघापासून तिकडं बघत होती. आता तिनं राजेंद्रला हळूच विचारलं, "त्यांचे मिस्टर का?"

हो, म्हणाला. वारले, बरीच वर्षं झाली. मुलगी जर्मनीत असते.

"मुलीच्या लग्नात हे कुणी केलं, विचारा ना."

असुंताबाईनं स्वतःच्या छातीवर बोट ठेवलं.

उमा थांबली. "तेव्हा मिस्टर होते?"

नव्हते.

"मग त्या कशा बसल्या, विचारा. म्हणजे मिस्टर नसताना त्यांनी कसं केलं?"

राजेंद्रनं विचारलं. असुंताबाईला प्रश्न समजला नाही. त्यानं दुसऱ्या शब्दांत विचारला. तिनं फोटोकडं पाहिलं, राजेंद्रकडं पाहिलं, आणि भुवया वर चढवून एक वाक्य बोलली. राजेंद्र हसायला लागला.

"त्या म्हणतायत, नवरा? त्याला कुठं येत होतं करायला! तो फक्त खायचा."

सगळं टेबल हसलं. उमा हसली नाही. तिनं घास उचलला, परत ताटात ठेवला, आणि परत उचलला.

निघताना असुंताबाईनं उमाच्या नखुल्या कागदात बांधून दिल्या. उरलेला पास्ताही आम्हाला डब्यात घ्यायला लावला. उमा म्हणाली, तुम्हालाच ठेवा रात्रीला. त्यावर तिनं हात हलवला. राजेंद्रनं सांगितलं की एकटीसाठी ती हे काही करत नाही, संध्याकाळी पाकिटातलं काहीतरी उकळून घेते. बस वळेपर्यंत उमा मागच्या काचेतून बघत होती. असुंताबाई फाटकाशी होती, मग आत गेली. तिनं दार लावलेलं आम्हाला दिसलं.

बसमध्येच उमानं मला हिमांशूच्या लग्नातला सगळा प्रसंग सांगितला. पहिल्यांदाच. सांगून झाल्यावर म्हणाली, "नीरजा, चारुताच्या मुहूर्ताला मी बसणार आहे."

"बस की. तुझं घर, तुझी पोरगी."

"तुला नाही कळायचं ते. तुला कुणी कधी बोलावलंच नाही. न बोलावलेलीचं वेगळं असतं आणि पाटावरून उठवलेलीचं वेगळं."

हे मला लागलं. पण खोटं नव्हतं, म्हणून मी खिडकीबाहेर बघत बसले. लग्न न झालेल्या बाईला मुहूर्ताचं कुणी बोलावत नाही. इतक्या वर्षांत मी कुणाच्या परातीला हात लावला नव्हता, आणि मला त्याचं काही वाटत नाही असं मी समजून चालले होते.

परत आल्यावर त्या नखुल्या बरणीत गेल्या आणि बरणी फ्रिजवर. उमानं त्यांची खीर केली नाही. श्रावण गेला, दिवाळी गेली. संध्याकाळी समोरच्या दारामागून तिचा आवाज यायचा. आधी वाटलं फोनवर आहे. मग लक्षात आलं, ती सराव करत होती. "करुणा, मी बसणार आहे." कधी ठासून. कधी नरमाईनं. "करुणा, हे बघ, काळ बदललाय." मग कुकरची एक शिट्टी.

मुहूर्ताच्या दिवशी घर परत भरलं. दाराबाहेर चपलांचा ढीग होता, आणि तो ओलांडून जाताना मला उगीचच बरं वाटलं. मी पाहुणी म्हणून गेले होते, कडेच्या खुर्चीत. मनकर्णाआत्या आता नव्हत्या, आदल्या साली गेल्या. करुणा कामात होती, घाम पुसत, पाट मांडत. उमा स्वयंपाकघरातून आली. हातात मोठी पितळी परात, ओल्या फडक्याखाली पिठाचा हा एवढा गोळा. पहाटे उठून मळला असणार. अख्ख्या रुखवताला पुरेल एवढा. ती मधोमध उभी राहिली.

"करुणा," ती म्हणाली, "मी बसणार आहे."

मी खुर्चीचा हात घट्ट धरला.

"बसा की वहिनी!" करुणा पाटावरची धूळ झटकत म्हणाली. "कोण नको म्हणायलंय? उलट बरंच झालं, माझे गुडघे वाकत नाहीत आता."

उमा तशीच उभी. पुढचं वाक्य तयार होतं, त्यापुढचंही तयार होतं, आणि एकाचीही गरज पडली नव्हती. "हिमांशूच्या वेळी तू..." ती म्हणाली.

करुणा थबकली. "तेव्हा आत्या होत्या ना खुर्चीत. त्यांच्यापुढं माझी काय टाप? मी आपलं तुम्हाला कुणी बोलू नये म्हणून आधीच आत पाठवलं." मग तिचा आवाज बारीक झाला. "तुम्ही नंतर एक शब्द बोलला नाहीत. फोन नाही, वळवट नाही. मला वाटलं, तुम्हालाच नको झालंय सगळं."

एवढी वर्षं एक बाई आत रुसून बसली होती आणि दुसरी बाहेर घाबरून. एका घसा खाकरण्यापायी. मला दोघींना धरून गदागदा हलवावंसं वाटत होतं.

"चलो आँटी, जल्दी बैठो, रोशनी जा रही," फोटोग्राफर म्हणाला. बायका बसल्या. हळदकुंकू झालं. उमा मधे. प्रत्येकीनं चिमटीभर पीठ घेऊन दोन-चार गव्हले वळले, कॅमेऱ्याकडं बघत. "हौ, ऐसेच. बस, हो गया." चारुता मागून आईच्या गळ्यात पडली, तोही फोटो झाला. आणि झालं. खरंच झालं. मेंदीवाली आली होती, ती गच्चीवर वाट बघत होती. रुखवत पुण्याहून तयार येणार होतं, चॉकलेटांच्या पालखीसकट. "आई, तू पण ये ना वर," चारुता ओरडली आणि उत्तर यायच्या आत जिना चढून गेली. करुणाला बीड बायपासवरच्या कार्यालयातून फोन आला, ती तिकडं पळाली. चपला निम्म्या झाल्या.

उमा पाटावर एकटी राहिली. पुढं परात. गोळ्याचा एक कोपरा तेवढा उकरलेला. तिला तिची जागा मिळाली होती. पाटावरून कुणी उठवलं नव्हतं. बाकीच्याच उठून गेल्या होत्या. तिनं फडकं परत पिठावर घातलं, नीट चारही बाजूंनी खोचलं, आणि दोन्ही हात मांडीवर ठेवून बसली. मला रडू आलं. मी रडत नाही, पण आलं.

मी निघायला उठले. काय बोलायचं ते मला येत नाही, कधीच आलं नाही.

"नीरजा," उमा म्हणाली. मागं न बघता. "हात धू आणि ये."

"मी? मला कुठं चालतं? माझं तर लग्नसुद्धा..."

उमानं मान वळवली. क्षणभर माझ्याकडं बघितलं आणि भुवया अगदी त्या बाईसारख्या वर चढवल्या. "नवरा? त्याला कुठं येत होतं करायला! तो फक्त खायचा."

आम्ही दोघी इतक्या हसलो की गच्चीवरून कुणीतरी वाकून बघितलं. मी बेसिनशी जाऊन हात धुतले. नख आणि नख. मग पाटावर बसले. आयुष्यात पहिल्यांदा. गुडघे दुखले, पण बसले. तिनं माझ्या बोटात तुकडा दिला. मी दाबला. खळगा पडला तो आरपार.

उमानं ती नखुली उचलली, उजेडात धरली, बोटानं चिरडली आणि पिठात ढकलली. "अंकोरा."

वर गाणी लागली होती. ऊन खिडकीतून सरकत गेलं. तिच्या फडक्यावर ओळीच्या ओळी भरत होत्या, माझ्या कडेला पाच-सहा वेड्यावाकड्या, त्याही तिनं दयेनं ठेवून घेतलेल्या. गोळा काही संपत नव्हता.

"उमा, एवढ्या खाणार कोण? रुखवत तर पुण्याहून येतंय. चारुता साखर खात नाही. आठ दिवसांनी ती जाईल, घरात तू एकटी."

तिचे हात थांबले नाहीत. "वाळल्या की वर्षभर राहतात," ती म्हणाली. मग थोड्या वेळानं, पिठाकडंच बघत, "आणि तू समोरच तर राहतेस. वाटी घेऊन दारात यायला तुला काय झालंय?"

मी पुढचा तुकडा घेतला.